प्रायोगिक नाटकाची स्मृती आणि कामगारनगरी

तिकीटबारीच्या हिशेबापासून दूर राहून, बहुधा नोकरी सांभाळणाऱ्या मंडळींनी लेखन, अभिनय आणि नेपथ्य यांत नवे काही करून पाहण्यासाठी उभे केलेले नाटक ते प्रायोगिक नाटक. अशा नाटकाने परंपरेशी फारकत घेतली, असा समज मराठीत रूढ आहे. पुण्याच्या रंगभूमीचा १९७० नंतरचा इतिहास पाहता तो टिकत नाही.

विजय तेंडुलकर यांचे ‘घाशीराम कोतवाल’ १६ डिसेंबर १९७२ रोजी भरत नाट्य मंदिरात जब्बार पटेल यांच्या दिग्दर्शनाखाली रंगभूमीवर आले. पेशवाईतील कोतवाल घाशीराम याचा १७९१ मध्ये जमावाने केलेला वध हा त्याचा ऐतिहासिक आधार असला, तरी मांडणी कीर्तन, तमाशा आणि कोकणातील खेळे यांची होती. ओळीने उभे राहून क्षणात पडदा आणि क्षणात गर्दी होणाऱ्या ब्राह्मणांच्या समूहाला पुढे ‘मानवी भिंत’ हे नाव पडले. तेंडुलकरांनी आपले नाटक अनैतिहासिक ठरवूनही नाना फडणवीसांच्या चित्रणावरून वादळ उठले, १९ प्रयोगांनंतर ते सादर करणाऱ्या मूळ संस्थेने नाटक थांबवले आणि कलावंतांनी १९७३ मध्ये थिएटर अकॅडमी स्थापन केली. हा वाद कागदपत्रांचा फारसा नव्हताच. समाजाने नानांची जी आठवण जपली होती, तिला धक्का बसला होता.

सतीश आळेकर यांनी आठवणीचा हाच धागा अधिक खोल नेला. ‘महानिर्वाण’मध्ये (१९७४) चाळीतला मृत भाऊराव स्वतःच कीर्तनकार होऊन आपल्या मरणाचे आख्यान लावतो आणि बंद झालेल्या जुन्या स्मशानातच दहन व्हावे, असा हट्ट धरतो. ‘बेगम बर्वे’मध्ये (१९७९) संगीत नाटकात दुय्यम स्त्रीभूमिका केलेला नट उदबत्त्या विकत श्यामरावाच्या धाकात दिवस कंठतो, आणि जावडेकर व बावडेकर हे दोन कारकून त्याच्या स्वप्नात असे गुंततात की कोण कोणाची आठवण जगत आहे, हेच कळेनासे होते. बालगंधर्वांच्या काळातील पदे येथे अलंकार म्हणून येत नाहीत. पद सुरू होताच पात्रे एका काळातून दुसऱ्यात जातात, म्हणजे गाणे हीच नाटकाची यंत्रणा ठरते. संगीत रंगभूमीविषयीचा इतका निर्दय आणि तरीही इतका प्रेमळ आलेख मराठीत दुसरा नसावा.

याच काळात पुण्याच्या वायव्येस वेगळी वसाहत आकार घेत होती. १९५४ मध्ये पिंपरीत हिंदुस्तान अँटिबायोटिक्स उभी राहिली, पाठोपाठ टेल्को आणि आकुर्डीत बजाज ऑटो आली, १९८२ मध्ये पिंपरी-चिंचवड महानगरपालिका झाली आणि पुढे कारखान्यांची रांग चाकणपर्यंत पोचली. गावोगावचे कामगार येथे आले, ते भजन, भारूड आणि तमाशाची आठवण घेऊनच. कामगार कल्याण मंडळाच्या नाट्यस्पर्धांमुळे त्यांच्यातील नाटकवेड्यांना रंगमंच मिळाला. पाळी संपवून तालमीला येणाऱ्या या मंडळींचे नाटक वर दिलेल्या व्याख्येत सहज बसते, कारण तेथेही गल्ल्याचा प्रश्न नव्हता. प्रायोगिक नाटकाच्या चर्चेत मात्र ते क्वचितच येते. पुण्यामुंबईच्या नाट्यगृहांना समीक्षक लाभले, आणि नाटकाची पुढची स्मृती बव्हंशी समीक्षकाच्या कागदावर जगते.

जानेवारी २०२४ मध्ये शंभरावे अखिल भारतीय मराठी नाट्य संमेलन पिंपरी-चिंचवड येथे झाले आणि त्याच्या अध्यक्षपदी जब्बार पटेल होते. ज्या नाटकाने एकेकाळी संस्था दुभंगली, त्याचा दिग्दर्शक नाट्यसृष्टीच्या मानाच्या आसनावर बसला. कालचे बंड आजचा वारसा झाल्याची याहून उघड खूण शोधण्याची गरज नाही. यजमान शहराने आता स्वतःच्या वारशाकडेही वळावे. स्पर्धांतील कामगार नाटकांच्या संहिता, कार्यक्रमपत्रिका आणि छायाचित्रे महापालिकेने व नाट्य परिषदेने मिळून गोळा करावीत, आणि त्या नाटकांत कामे केलेले निवृत्त कामगार हयात आहेत तोवर त्यांच्या मुलाखती ध्वनिमुद्रित करून ठेवाव्यात.