अपिलाची पायरी

आमच्या सावर्ड्याच्या घरी, माजघराच्या दाराशेजारी, मोटारीच्या नंबराची एक पत्र्याची पाटी खिळ्याला टांगलेली आहे. पाटी बेळगावकडची. येणारा पाहुणा तिच्याबद्दल विचारतो आणि मग मामांच्या टेंपोची हकीकत सांगावी लागते. आज फराळाच्या ताटाशी बसलेल्या वाचकांनाही ती सांगतो, कारण तिच्या मागचा इतिहास मला मामांच्या पश्चात कळला.

मामांनी जांभ्या दगडाचे चिरे वाहण्यासाठी बेळगावात जुना टेंपो घेतला, तो १९९० च्या सुमारास. नवा मोटार कायदा १ जुलै १९८९ पासून अमलात आला होता. परराज्यातली गाडी बारा महिन्यांहून अधिक काळ इथे ठेवायची तर इथला नंबर घेतला पाहिजे, हा नियम मात्र १९३९ च्या कायद्यापासूनचा. गंमत अशी, की १ नोव्हेंबर १९५६ पूर्वी बेळगाव मुंबई राज्यातच होते. आजोबांनी तिथून गाडी आणली असती तर ती परकी ठरली नसती!

चेसिसवरचा एक आकडा कागदाशी जुळत नाही म्हणून कचेरीने (कोणत्या, ते सांगत नाही) अर्ज परत केला. “पुढच्या सोमवारी या,” हे ठरलेले उत्तर. असे किती सोमवार गेले याची गणती मामांनी ठेवली नाही; मामींनी ठेवली होती. नकार तोंडी होता. हुकमाची नोटीस मिळाल्यापासून तीस दिवसांत वरच्या अधिकाऱ्याकडे अपील करता येते, असे कायद्याचे ५७वे कलम म्हणते. पण लेखी हुकूमच नाही तर अपील कशावर करायचे? टेंपो दोन पावसाळे फणसाखाली उभा राहिला. धावत होते ते फक्त कर्जाचे व्याज.

शेवटी मामा मुंबईला हायकोर्टाच्या वकिलाकडे गेले. वकिलांनी पहिलाच प्रश्न केला, “अपील केलंत का?”

हा प्रश्न फार जुना आहे. कायद्याने एखादे देणे लादले आणि दाद मागण्याची वाटही त्यानेच आखून दिली, तर त्याच वाटेने गेले पाहिजे, असे इंग्लंडात एका पाणीपुरवठा कंपनीच्या दाव्यात १८५९ साली ठरले. आपल्याकडे २६ जानेवारी १९५० पूर्वी मुंबई हायकोर्टाचे विशेष हुकूमनामे मुंबई शहराच्या हद्दीबाहेर सहसा चालतच नसत. सावर्ड्याच्या माणसाला ते दार बंदच होते म्हणा. राज्यघटनेच्या २२६व्या कलमाने ते उघडले.

उघडल्यावर प्रश्न आला : खालच्या पायऱ्या न चढता वर यावे काय? उत्तर प्रदेशातला महंमद नूह हा पोलीस हवालदार. त्याची चौकशी करणारा अधिकारी त्याच चौकशीत साक्षीदारही झाला! आधी अपील करावे हा सोयीचा आणि तारतम्याचा नियम आहे, अढळ कायदा नव्हे, असे सर्वोच्च न्यायालयाने १९५७ साली त्याच्या खटल्यात सांगितले. पण त्याची बडतर्फी १९५० पूर्वीची, म्हणून तो स्वतः हरला. तत्त्व त्याच्या नावाने राहिले, नोकरी गेली ती गेलीच. मला हा हवालदार मामांचा सख्खा भाऊ वाटतो. पुढे १९६१ साली फाउंटन पेनांच्या जकातीवरून भांडणाऱ्या एका व्यापाऱ्याची दाद, अपिलाची पायरी नीट गाठलेली नसतानाही मुंबई हायकोर्टाने ऐकली होती, ती सर्वोच्च न्यायालयाने उचलून धरली.

मामांना यातले काही ठाऊक नव्हते. ते गावी परतले, लेखी हुकूम मागितला, महिन्याने मिळवला आणि अपील केले. तिथल्या अधिकाऱ्याने गंज खरवडून, चेसिसवर कागद ठेवून पेन्सिलीने ठसा घ्यायला लावला. तीन की आठ, एवढाच वाद होता. आठ निघाला. रत्नागिरीचा ‘एमएच-०८’ नंबर मिळाला, पण इंजिन तोवर धरले होते. टेंपो भंगारात गेला.

१८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरात हायकोर्टाचे सर्किट बेंच बसू लागले. रत्नागिरी जिल्हा त्यात आहे. कुंभार्ली घाट चढून कराडमार्गे गेले की झाले. मी मामींना बातमी वाचून दाखवली.

“तिथंही आधी विचारतील ना रे, अपील केलंत का म्हणून?”

“विचारतील, मामी.”

मामींनी पदराने पाटीवरची धूळ पुसली आणि चकलीच्या भाजणीकडे वळल्या.