हरवलेल्या मूकपटावर काय लिहायचं?

म्हसळ्यावरून हरिहरेश्वरला, म्हणजे 'दक्षिण काशी'ला, जाणारी जोडपी तुम्ही पाहिली असतील. काशीयात्रेला निघालेलं असंच एक जोडपं आपल्याला कथेतून माहीत आहे: पुंडलिक आणि त्याची बायको. या पुंडलिकावरचा दादासाहेब तोरणे यांचा 'श्री पुंडलिक' हा मूकपट १८ मे १९१२ रोजी गिरगावात, कोरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये लागला.

आज त्याची प्रिंट उपलब्ध नाही. मग हाती काय उरतं? मुख्यतः २५ मे १९१२ च्या 'टाइम्स ऑफ इंडिया'तली जाहिरात. खेळ झाले, एवढं तिच्यावरून म्हणता येतं. गर्दीचा दावा मात्र तिकीट विकणाऱ्याचा आहे, तो तसाच उचलू नका. आणि कथा पाठ आहे म्हणून 'पडद्यावर काशीची वाट दिसते' असंही लिहू नका. आपल्याला ओळखीची आहे ती कथा, चित्रपट नव्हे.

हे मुळात नाटकाचं चित्रण. फिल्म धुतली गेली लंडनला. म्हणूनच पहिलेपणाचा मान बहुतेक जण फाळक्यांच्या 'राजा हरिश्चंद्र'ला (३ मे १९१३) देतात. तेव्हा प्रबंधात आधी 'भारतीय चित्रपट' कशाला म्हणायचं ते ठरवा, मगच 'पहिला' हा शब्द वापरा.