राजवाडा सोडणे आणि अहंकार सोडणे

हिंगणघाट तालुक्यातील वडनेर (जि. वर्धा) हे गाव नागपूर-हैदराबाद महामार्गावर वसलेले आहे. हा रस्ता पुढे पांढरकवड्यावरून दक्षिणेस जाऊन पैनगंगा ओलांडतो. १९४८ च्या सप्टेंबरपर्यंत पैनगंगेच्या पलीकडे निजामाचे राज्य होते. अलीकडे स्वतंत्र भारत आणि पलीकडे एका व्यक्तीची अनियंत्रित सत्ता व कासीम रझवीच्या रझाकारांची दहशत, अशी ती सीमा होती. त्या सत्तेच्या छायेत सुरक्षित असलेल्या काही व्यक्तींनी तिच्याशी फारकत घेतली. अशा त्यागाचे मोल कोणत्या कसोटीवर ठरवावे, याचा विचार आम्ही येथे पालि वाङ्मयाच्या आधारे करीत आहोत.

विनयपिटकातील चुल्लवग्गात शाक्य कुमारांच्या प्रव्रज्येची हकिकत आहे. शाक्यांचा राजा भद्दिय याने प्रथम सात वर्षांची मुदत मागितली. अखेर सात दिवसांत कारभार सोपवून तो निघाला. त्याच्यासोबत अनुरुद्ध, आनंद, भगु, किम्बिल व देवदत्त होते आणि उपाली हा त्यांचा न्हावीही होता. अनुपिय येथे तथागतांसमोर शाक्यांनी विनंती केली, ती अशी की, आम्ही अभिमानी आहोत. उपालीने दीर्घकाळ आमची सेवा केली आहे. म्हणून त्यालाच आधी प्रव्रज्या द्यावी, म्हणजे आम्हांला त्याला वंदन करावे लागेल. पुढे भद्दिय वृक्षाखाली बसून आपल्या सुखाचा उद्गार काढीत असे. राजा असताना आत-बाहेर पहारे असूनही आपण भयभीत असू, आता एकटे असून निर्भय आहोत, असे त्याने भगवंतांना सांगितले.

परंतु याच सहा जणांत देवदत्तही होता. त्यानेही घर सोडले. तथापि पुढे त्याने अजातशत्रूचा आश्रय मिळवून संघाचे नेतृत्व मागितले. याच अजातशत्रूने पिता बिंबिसाराची सत्ता घेतली होती. अर्थात, राजवाडा सोडणे ही एक गोष्ट आणि श्रेष्ठत्वाची तृष्णा सोडणे ही दुसरी. उपालीला केलेले वंदन ही या दुसऱ्या त्यागाची खूण होय.

आता हैदराबादकडे पाहू. मीर लायक अली यांच्या मंत्रिमंडळातील जे. व्ही. जोशी यांनी १९४८ मध्ये राजीनामा दिला आणि परभणी-नांदेड भागातील अत्याचार राजीनामापत्रात नमूद केले. ते नुसते बाहेर पडले नाहीत. जे बाहेर पडू शकत नव्हते त्यांची साक्ष त्यांनी दिली. त्याच वर्षीच्या ऑगस्टमध्ये नवाब मंजूर जंग यांच्यासह सात मुस्लिम गृहस्थांनी भारतात विलीन होण्याचा सल्ला जाहीरपणे दिला. तरुण संपादक शोएबुल्ला खान यांनी 'इमरोज' या उर्दू दैनिकातून हीच भूमिका मांडली. त्याच महिन्यात मारेकऱ्यांनी त्यांचा हात तोडून त्यांना ठार केले. सत्ताधाऱ्यांच्या धर्मात जन्मल्याने मिळणारी सुरक्षितता त्यांनी स्वतःहून नाकारली होती.

आमच्या दृष्टीने याहून कठीण प्रश्न आपल्याच नेत्यांचा आहे. बी. एस. व्यंकटराव हे त्याच मंत्रिमंडळात मंत्री होते. बी. श्यामसुंदर सप्टेंबर १९४८ मध्ये निजामाच्या शिष्टमंडळासोबत संयुक्त राष्ट्रसंघापुढे गेले. सवर्णांच्या जाचाने पिळलेल्या समाजाला प्रथमच सत्तेत स्थान मिळत होते. म्हणून त्यांना केवळ पदलोभी म्हणणे अन्यायाचे होईल. शाक्यांचे पद जन्माने आलेले होते. यांचे संघर्षाने आलेले होते. मात्र परमपूज्य डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी २७ नोव्हेंबर १९४७ रोजीच्या निवेदनात अनुसूचित जातींना निजामाची बाजू न घेण्याचे आवाहन केले होते. दलितांना दिलेली खुर्ची रयतेवरील जुलमाचे झाकण ठरत असेल, तर तिची किंमत फार मोठी असते, असा आम्ही या आवाहनाचा अर्थ लावतो. सप्टेंबर १९४८ मध्ये राजवट कोसळल्यावर मराठवाड्यातील निरपराध मुसलमानांची जी कत्तल झाली, तिचे समर्थनही या कसोटीवर होऊ शकत नाही. कारण तेथेही मेले ते दुबळेच.

बाबासाहेबांनी स्वतः २७ सप्टेंबर १९५१ रोजी केंद्रीय मंत्रिपदाचा राजीनामा दिला. ती हुकूमशाही नव्हती, लोकशाही होती. तरीही हिंदू कोड बिल व अनुसूचित जातींची उपेक्षा ही कारणे त्यांनी जाहीर केली. पाच वर्षांनी, १४ ऑक्टोबर १९५६ रोजी, त्यांनी नागपुरात भदंत चंद्रमणी महास्थविरांकडून दीक्षा घेतली आणि नंतर लाखोंच्या समुदायाला स्वतः दीक्षा दिली. मंत्रिपद सोडलेला हा महापुरुष एकटा वृक्षाखाली गेला नाही, समाजासह गेला.

आज आपल्या समाजातही अधिकारी आहेत, प्राध्यापक आहेत, आमदार-खासदार आहेत. प्रत्येकाने पद सोडावे, असे आम्ही म्हणत नाही. पदावर राहून कोणाच्या दुःखाची साक्ष आपण देतो, एवढेच विचारावे. आणि विहारात आल्यावर वस्तीतला सफाई कामगार आपल्याआधी पुढच्या रांगेत बसला, तर आपले मन प्रसन्न होते की खट्टू होते, हेही पाहावे. उपालीची कसोटी रोजच्या जीवनात लागते ती अशी.