विठ्ठलभाई पटेल

विठ्ठलभाई झवेरभाई पटेल (२७ सप्टेंबर १८७३ – २२ ऑक्टोबर १९३३) हे बॅरिस्टर, स्वराज्य पक्षाचे एक संस्थापक आणि ब्रिटिश भारताच्या मध्यवर्ती विधानसभेचे पहिले निर्वाचित भारतीय अध्यक्ष होते. सरदार वल्लभभाई पटेल हे त्यांचे धाकटे बंधू.

वकिली

करमसद (गुजरात) येथील शेतकरी कुटुंबातील विठ्ठलभाईंनी प्रारंभी गोध्रा व बोरसद येथे वकिली केली. इंग्लंडला जाण्याची तयारी वास्तविक वल्लभभाईंनी केली होती, परंतु 'व्ही. जे. पटेल' ही आद्याक्षरे दोघांचीही असल्याने कागदपत्रे विठ्ठलभाईंच्या हाती पडली आणि थोरलेपणाच्या अधिकाराने तेच आधी गेले. १९०८ मध्ये बॅरिस्टर होऊन परतल्यावर त्यांनी मुंबईत व्यवसाय सुरू केला. पुढे त्यांनी सार्वजनिक कार्याला वाहून घेतले, तेव्हा त्यांच्या घरखर्चाचा भार वल्लभभाईंनी उचलला.

कायदेमंडळातील कार्य

१९१२ मध्ये ते मुंबई कायदेमंडळाचे सदस्य झाले. नगरपालिकांना प्राथमिक शिक्षण सक्तीचे करण्याची मुभा देणारा १९१८ चा कायदा त्यांच्याच विधेयकातून झाला. तो 'पटेल कायदा' म्हणून ओळखला जातो. त्याच वर्षी केंद्रीय कायदेमंडळात त्यांनी हिंदूंमधील आंतरजातीय विवाहांना वैधता देणारे विधेयक मांडले. सनातन्यांनी त्यास विरोध केला, तर कोल्हापूरच्या शाहू महाराजांनी जाहीर पाठिंबा दिला. विधेयक संमत झाले नाही.

कायदेमंडळांवरील बहिष्कार त्यांना मान्य नव्हता. त्यामुळे १९२३ मध्ये चित्तरंजन दास व मोतीलाल नेहरू यांच्यासमवेत ते स्वराज्य पक्षाच्या स्थापनेत सहभागी झाले.

अध्यक्षपद

ऑगस्ट १९२५ मध्ये ते अवघ्या दोन मतांच्या फरकाने विधानसभेचे अध्यक्ष निवडून आले. निवडीनंतर त्यांनी पक्षाशी असलेला संबंध सोडला. अध्यक्षाने सरकारच्या नव्हे, तर सभागृहाच्या अधीन असावे, हा त्यांचा आग्रह होता. त्यातूनच जानेवारी १९२९ मध्ये विधानसभेचे स्वतंत्र सचिवालय अस्तित्वात आले.

त्यांची खरी कसोटी सार्वजनिक सुरक्षा विधेयकावर लागली. सप्टेंबर १९२८ मध्ये दोन्ही बाजूंना ६१ मते पडली, तेव्हा त्यांनी निर्णायक मत विधेयकाविरुद्ध दिले. सरकारने ते पुन्हा आणले. दरम्यान मीरत कटाचा खटला सुरू झाला होता. न्यायप्रविष्ट बाबींना स्पर्श केल्याविना चर्चा अशक्य असल्याने विधेयक किंवा खटला यांपैकी एक मागे घ्यावे, असे त्यांनी सुचवले. हा मुद्दा राजकारण्यापेक्षा मुरलेल्या वकिलाला सुचेल असाच होता. ८ एप्रिल १९२९ रोजी ते निर्णय देण्याच्या बेतात असतानाच भगतसिंग व बटुकेश्वर दत्त यांनी सभागृहात बाँब टाकले. ११ एप्रिलला त्यांनी विधेयक नियमबाह्य ठरवले. व्हाइसरॉयने वटहुकूम काढून आपला हेतू साधला आणि अध्यक्षाचा असा अधिकार नंतर नियम बदलून काढून घेण्यात आला.

अखेरचा काळ

१९३० मध्ये राजीनामा देऊन ते सविनय कायदेभंगात उतरले व तुरुंगात गेले. प्रकृती ढासळल्याने ते उपचारांसाठी युरोपात गेले. जिनिव्हाजवळ त्यांचे निधन झाले. अंत्यसंस्कार मुंबईत झाले. आपल्या मालमत्तेचा मोठा भाग त्यांनी परदेशात भारताचा प्रचार करण्यासाठी सुभाषचंद्र बोस यांच्या स्वाधीन केला होता. मात्र या निष्णात कायदेपंडिताच्या मृत्युपत्रातील ती तरतूद मुंबई उच्च न्यायालयाने संदिग्ध ठरवून अमान्य केली.