फ्लॉवर भाताच्या जागी बसत नाही

ट्यूना कॅसरोल हा अमेरिकेतल्या मध्यमवर्गीय घरांचा नेहमीचा पदार्थ. डब्यातला ट्यूना, मशरूमचे डबाबंद घट्ट सूप, भात किंवा नूडल्स, थोडे मटार, वर चीज आणि चुरलेले बटाट्याचे वेफर्स. हे सगळे एका पसरट भांड्यात घालून ओव्हनमध्ये भाजायचे. मधुमेहामुळे किंवा वजनामुळे ज्यांनी कर्बोदके कमी करायला घेतली आहेत, त्यांना हल्ली एकच सल्ला मिळतो: भात काढा, तेवढाच किसलेला फ्लॉवर घाला, बाकी कृती तीच ठेवा. दक्षिण आशियाई लोकांत मधुमेहाचे प्रमाण जास्त आणि तो येतोही लवकरच्या वयात, त्यामुळे अमेरिकेतल्या मराठी घरांतही हा सल्ला पोचला आहे. तो तंतोतंत पाळला की भांड्यात तळाला पाणी, वर फाटलेले चीज आणि मध्ये उग्र वासाचा लगदा मिळतो. मग विरोधी पक्ष म्हणतो, बघा, भाताला पर्याय नाही. फ्लॉवरचा कॅसरोल ही आजाऱ्याची शिक्षा आहे.

हे दोन्ही पक्ष एकमेकांच्या विरुद्ध वाटतात, पण दोघांचे गृहीत एकच आहे. फ्लॉवर भाताच्या जागी बसतो, असे दोघेही धरून चालतात. पहिला म्हणतो नीट बसतो, दुसरा म्हणतो वाईट बसतो. अमेरिकेत हा वाद कायद्यापर्यंत गेला. तिथला सर्वांत जास्त तांदूळ पिकवणाऱ्या आर्कान्सा राज्याने २०१९ मध्ये कायदा केला आणि तांदळापासून न बनलेल्या पदार्थावर तांदूळ असे छापायला बंदी घातली. उत्पादक आणि शेतकरी वेष्टनावरच्या छपाईसाठी भांडत राहिले, भांड्यातल्या पाण्याचा प्रश्न कुणी काढलाच नाही. माझे म्हणणे असे, की या पदार्थात फ्लॉवर भाताच्या बरोबर उलटे काम करतो. म्हणून एक जिन्नस बदलून भागत नाही, सगळी कृती नव्याने रचावी लागते. ती तशी रचली, तर पदार्थ स्वतःच्या बळावर उत्तम होतो.

आधी भाताचे काम पाहू. तांदळात मुख्यतः पिष्ट असते. साधारण ६५ ते ७५ अंश सेल्सियसच्या दरम्यान पिष्टाचे कण पाणी ओढून फुगतात. म्हणूनच एक वाटी तांदूळ दोन वाट्या पाणी पिऊन बसतो. शिजलेला भात कॅसरोलमध्ये घातला तरी ओव्हनमध्ये तो आजूबाजूचे सूप ओढतच राहतो आणि सुटलेल्या पिष्टाने सगळे एकत्र बांधून ठेवतो. ट्यूनाचे, मशरूमचे, कांद्याचे जे पाणी सुटेल, ते सगळे भाताच्या पोटात जाते. मूळ कृती लिहिणाऱ्याने सूप किती पातळ करायचे, दूध किती घालायचे, मीठ किती टाकायचे, हे सगळे या एका गोष्टीवर विसंबून ठरवलेले असते.

आता फ्लॉवर. त्याच्या वजनात सुमारे ९२ टक्के पाणी असते आणि पिष्ट जवळजवळ नसतेच. ५०० ग्रॅम फ्लॉवर म्हणजे ४६० ग्रॅम पाणी. पेशींच्या भिंती उष्णतेने सैल झाल्या की ते बाहेर पडू लागते. त्यातले चौथाईच सुटले तरी शंभर मिलिलिटरहून जास्त झाले. ते जाते कुठे? सूप मैदा आणि कॉर्नस्टार्चने घट्ट केलेले असते. त्यात पाणी मिसळले की ते पातळ होते. म्हणजे जिथे पाणी पिणारा घटक होता, तिथे आपण पाणी सोडणारा आणून ठेवला, आणि पाण्याचा बाकी हिशेब मात्र जुनाच ठेवला.

किसण्याने हे आणखी बिघडते. फ्लॉवरचे तांदळाएवढे कण केले की असंख्य पेशी कापल्या जातात, पाणी सुटायला वाटा वाढतात. गोठवलेल्या पाकिटातला कीस तर त्याहून वाईट, कारण बर्फाच्या स्फटिकांनी पेशी आधीच फोडलेल्या असतात. असा कीस थेट पाकिटातून भांड्यात ओतायला सांगणारी कृती मी चुकीची मानतो. भातासारखे दिसावे एवढ्यासाठी फ्लॉवर बारीक करायचा आणि त्या बारीक करण्यानेच तो भातासारखे वागण्यापासून आणखी दूर न्यायचा, असा हा प्रकार आहे.

कुणी म्हणेल, कीस कोरड्या तव्यावर परतून किंवा फडक्यात पिळून घेतला तर? मग पाण्याचा प्रश्न सुटतो, हे मान्य. पण पिळून उरतो तो ओला भुसा. त्याला चावा राहत नाही, आणि ट्यूनाही आधीच भुसभुशीत. दोन भुसभुशीत गोष्टी एकत्र आल्या की खाणाऱ्याच्या दाताला काहीच लागत नाही. भाताचा दाणा निदान दाणा तरी राहतो. तेव्हा किसणे सोडा, असेच माझे मत.

दुसरा आक्षेप परंपरेचा. भाताशिवाय किंवा नूडल्सशिवाय हा ट्यूना कॅसरोलच नव्हे, असे म्हणणारे आहेत. या पदार्थाचा इतिहास पाहिला तर हा आक्षेप टिकत नाही. डब्यातला ट्यूना हाच मुळी बदली म्हणून आला. दक्षिण कॅलिफोर्नियाच्या किनाऱ्यावर सार्डिन मिळेनासे झाले, तेव्हा १९०३ मध्ये सॅन पेड्रो येथे आल्बर्ट हाफहिल यांनी रिकाम्या डब्यांत आल्बाकोर ट्यूना भरून पाहिला. वाफवल्यावर त्याचे मांस पांढरे आणि कोंबडीसारखे सौम्य झाले, म्हणून तो खपला. सूपही तसेच. कॅम्पबेल कंपनीत जॉन डॉरन्स यांनी १८९७ मध्ये आटवलेल्या सूपची पद्धत बसवली आणि १९३४ मध्ये मशरूमचे सूप बाजारात आले. गृहिणीला लोणी-मैद्याचा पांढरा सॉस घोटत बसावे लागू नये म्हणून ते त्या सॉसच्या जागी आले. ज्या पदार्थातला मासाही बदली आणि सॉसही बदली, त्यात भात बदलल्याने परंपरा मोडते, हा युक्तिवाद कसा चालेल? त्या बदलांनी पदार्थ टिकला, कारण प्रत्येक वेळी करणाऱ्याने नव्या जिनसाच्या गुणाप्रमाणे कृती बदलली. आज नेमके तेवढेच होत नाही.

पथ्याच्या हिशेबातही पहिल्या पक्षाची चूक मोठी आहे. १०० ग्रॅम शिजलेल्या भातात सुमारे २८ ग्रॅम कर्बोदके, तेवढ्याच कच्च्या फ्लॉवरमध्ये ५, आणि त्यांतली २ तंतूंची. ५०० ग्रॅमला धरले तर १४० विरुद्ध २५. हा फरक खरा आहे. पण बाकी कृती तीच ठेवली, तर सूपच्या एका डब्यात २० च्या आसपास, वाटीभर मटारांत २०, वरच्या ५० ग्रॅम वेफर्समध्ये २५. फ्लॉवरमध्ये मिळून २५ आणि त्याच्या सोबत्यांत ६५! भाताला आरोपी ठरवून बाकीच्यांना मोकळे सोडले, असे त्याचे झाले. भात शिजवून रात्रभर गार केला की त्यातले काही पिष्ट पचायला अवघड होते, हा उपायही सांगितला जातो. ते खरे आहे, पण २८ ग्रॅममधला एखादा ग्रॅम तेवढा सुटतो.

आता मांडणी. चौघांसाठी ७०० ग्रॅम फ्लॉवर घ्यावा आणि त्याचे बोटाच्या पेराएवढे तुरे काढावेत. धुऊन पूर्ण कोरडे करावेत, तेल चोळून मोठ्या ट्रेमध्ये एकमेकांना न चिकटतील असे पसरावेत आणि २२० अंशांवर वीस-पंचवीस मिनिटे, कडा तपकिरी होईपर्यंत भाजावेत. झाकण अजिबात घालू नये. झाकण घातले की तुरे स्वतःच्या वाफेत शिजतात, आणि फ्लॉवर ओल्या उष्णतेत फार वेळ राहिला की त्यातल्या गंधकयुक्त संयुगांचा तो नकोसा वास सुटतो. कोरड्या आचेवर पाणी उडून जाते, गोडवा वर येतो. माझ्या मते अर्धा पदार्थ इथेच होतो. २०० ग्रॅम मशरूम आणि एक छोटा कांदा वेगळ्या कढईत मोठ्या आचेवर पाणी आटेपर्यंत परतावेत.

सॉसला मैदा नको. १५० ग्रॅम क्रीम चीज, थोडी मलई, चमचाभर मोहरीची पेस्ट, लिंबाची किसलेली साल, भरपूर मिरी आणि दोन फेटलेली अंडी. उरलेसुरले जे पाणी सुटेल ते अंडी गोठताना धरून ठेवतात. मराठी घराला हे तत्त्व नवे नाही. सीकेपी स्वयंपाकातले कोबीचे भानोले आठवा: कोबीला पाणी सुटते, बेसन ते पिते आणि वरखाली आच देऊन वडी धरते. इथे बेसनाची कामगिरी अंड्यावर सोपवली, कारण बेसनातही कर्बोदके आहेत.

ट्यूनाचे दोन डबे पाणी पूर्ण निथळून घ्यावेत. हा मासा डब्यातच शिजलेला असतो, त्याला पुन्हा शिजवण्याची गरज नाही, फक्त गरम करायचा. म्हणून तो सर्वांत शेवटी, मोठे तुकडे ठेवून, हलक्या हाताने मिसळावा. मीठ बेताचेच घालावे: भात मीठ मुरवून घेतो, फ्लॉवर तसे करत नाही, आणि ट्यूना नि चीज दोन्ही खारट. वर १०० ग्रॅम चेडर आणि वेफर्सऐवजी भरड बदाम. १९० अंशांवर वीस मिनिटे भाजून, बाहेर काढल्यावर दहा मिनिटे हात लावू नये. तेवढ्यात सॉस बसतो. एका वाढणीत १५ ग्रॅमच्या आसपास कर्बोदके येतात, मूळ पदार्थात ती पन्नासपर्यंत जातात.

डबा निवडताना लाइट ट्यूना घ्यावा, तो बहुधा स्किपजॅक असतो. आल्बाकोरमध्ये पाऱ्याचे प्रमाण त्याच्या जवळपास तिप्पट आढळते. गरोदर स्त्रियांनी आठवड्यातून लाइट दोन-तीनदा किंवा आल्बाकोर एकदाच खावा आणि मुलांनी लाइट दोनदा खावा, असे अमेरिकी सरकारचे सांगणे आहे.

आणखी एक गोष्ट, आणि ही स्वयंपाकापेक्षा महत्त्वाची. कर्बोदके एकूण कमी केल्याने रक्तातली साखर सुधारते, याला सर्वांत भक्कम पुरावा आहे, असे अमेरिकन डायबिटीज असोसिएशनने २०१९ च्या अहवालात नोंदवले आहे. म्हणूनच इन्सुलिन किंवा ग्लिमेपिराइडसारखी गोळी घेणाऱ्याने डॉक्टरांना न विचारता अचानक भात बंद करू नये. औषधाची मात्रा जुन्या जेवणाला जुळवलेली असते. जेवण बदलून मात्रा तीच ठेवली, तर साखर धोकादायक खाली जाऊ शकते.

दुसऱ्या दिवशीच्या डब्याला हा पदार्थ भाताच्या कॅसरोलपेक्षा सरस ठरतो. फ्रीजमध्ये भातातले पिष्ट पुन्हा कडक होते आणि उरलासुरला सॉस पिऊन दाणे कोरडे पडतात. भाजलेल्या तुऱ्यांचे तसे होत नाही. त्यांना थोडे पाणी सुटते, पण मायक्रोवेव्हऐवजी उघड्या तव्यावर मंद आचेवर गरम केले की ते उडून जाते आणि कडा पुन्हा खरपूस होतात.