कारण सांगण्याचे बंधन

१८९७ च्या जूनमध्ये पुण्यात प्लेग अधिकारी रँडवर गोळी झाडली गेली आणि जुलैअखेर सरकारने पुण्यातल्या माणसांना दोन निरनिराळ्या वाटांनी तुरुंगात नेले. टिळकांवर राजद्रोहाचा खटला चालला. आरोप वाचला गेला, ज्यूरीचा सहा विरुद्ध तीन असा कौल पडला, दीड वर्षाची शिक्षा झाली. नातू बंधूंना मात्र मुंबई इलाख्याच्या १८२७ च्या पंचविसाव्या रेग्युलेशनखाली उचलले. ना आरोपपत्र, ना साक्षीदार, ना मुदत. टिळक सप्टेंबर १८९८ मध्ये सुटले; ज्यांचा गुन्हा शाबीत करायचा प्रयत्नसुद्धा झाला नव्हता, ते नातू तेव्हाही बंधनातच होते. अशा, खटल्याविना डांबून ठेवणाऱ्या स्थानबद्धतेच्या कायद्यांवर वाद होतो तो बहुधा ‘कोणत्या कारणासाठी’ यावर. पण सुव्यवस्था, सुरक्षितता, शांतता ही कारणे दीडशे वर्षे जवळपास तीच राहिली आहेत. फरक पडला तो एकाच गोष्टीने: सरकारला आपले कारण दुसऱ्या कोणाला सांगावे लागते की नाही.

घटना लागू होऊन महिना होतो न होतो तोच, फेब्रुवारी १९५० मध्ये, प्रतिबंधक स्थानबद्धता कायदा आला. अशा कायद्याला घटनेतच जागा होती. मात्र ‘कायद्याने प्रस्थापित कार्यपद्धती’ एवढ्यावर व्यक्तिस्वातंत्र्य सोपवल्याने राहिलेली उणीव काही अंशी भरून काढावी, म्हणून डॉ. आंबेडकरांनी सप्टेंबर १९४९ मध्ये आजचे २२ वे कलम मांडले होते. स्थानबद्धाला कारणे कळवा, म्हणणे मांडू द्या आणि तीन महिन्यांपुढे ठेवायचे तर सल्लागार मंडळाचे मत घ्या, असा त्याचा रोख. नव्या कायद्याच्या चौदाव्या कलमाने नेमके यालाच फाटा दिला. स्थानबद्धाला कळवलेली कारणे न्यायालयापुढे उघड करायलाच बंदी केली. मे १९५० मध्ये गोपालन खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने बाकीचा कायदा उचलून धरला, पण हे कलम रद्द केले. पुढे १९६२ मध्ये महाराष्ट्रातलेच एक प्रकरण तिथे गेले. कारणांचा कागद इंग्रजीत होता, स्थानबद्धाला इंग्रजी येत नव्हते आणि त्याने हिंदी प्रत मागितली होती. राजभाषा इंग्रजी आहे, शिवाय मजकूर तोंडी समजावला आहे, असे सरकारचे उत्तर होते. न्यायालयाने ते मानले नाही. कळेल अशा भाषेत लेखी कारणे हाती पडली नाहीत, तर त्यांना उत्तर तरी कसे देणार?

आणीबाणीत हा धागा तोडला गेला. जून १९७५ मध्ये ‘मिसा’ या तेव्हाच्या स्थानबद्धता कायद्यात १६-अ हे कलम घुसवून कारणे कळवण्याची गरजच काढून टाकली. मुंबईसह नऊ उच्च न्यायालयांनी स्थानबद्धांच्या अर्जांची दखल घेता येते असे म्हटले. एप्रिल १९७६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने चार विरुद्ध एक मतांनी ते दारही बंद केले. न्या. खन्ना एकटे वेगळे राहिले. आणीबाणीची चौकशी करणाऱ्या शहा आयोगाच्या नोंदीप्रमाणे मिसाखाली सुमारे ३५ हजार माणसे स्थानबद्ध झाली. कारण विचारणारा कोणी उरला नाही की आकडा कुठवर जातो, ते यात दिसते.

यावर सांगितले जाते की गुंडाविरुद्ध वस्तीतला साक्षीदार उभा राहत नाही, खटला टिकत नाही. म्हणून तर महाराष्ट्राने १९८१ मध्ये झोपडपट्टीदादा आणि हातभट्टीवाल्यांसाठी स्वतंत्र कायदा केला. अडचण खरी आहे. पण साक्षीदाराचे नाव झाकणे वेगळे आणि कारणच झाकणे वेगळे. सार्वजनिक हिताला बाधक तपशील न सांगण्याची मुभा २२ व्या कलमात आधीपासूनच आहे. दुसरा आक्षेप असा की निवेदनाला उत्तर द्यायला उशीर झाला, प्रत वाचता येत नव्हती, असल्या ‘तांत्रिक’ मुद्द्यांवर माणसे सुटतात. पण ज्याचा खटलाच होणार नाही, त्याच्यापाशी कार्यपद्धतीखेरीज दुसरे आहे काय? उलटतपासणी नाही, मंडळापुढे वकील नेण्याचा हक्क नाही. त्याच्या हाती एक कागद असतो; तो तरी वाचता आला पाहिजे. १९७६ चा निकाल सर्वोच्च न्यायालयाने २०१७ मध्ये पुसून टाकला. पण १९७८ च्या ४४ व्या घटनादुरुस्तीने तीन महिन्यांची मुदत दोनवर आणणारी आणि सल्लागार मंडळाची रचना उच्च न्यायालयाच्या मुख्य न्यायमूर्तींच्या शिफारशीवर सोपवणारी जी तरतूद केली, ती अमलात आणण्याची अधिसूचना कोणत्याही पक्षाच्या सरकारने काढलेली नाही. आणि ती का काढली नाही, याचे कारण कोणाला सांगण्याचे बंधन सरकारवर नाही.