तूप महाग, दूध स्वस्त : लोणी-तुपाच्या बाजाराचे गणित

निगडी (प्रतिनिधी) : सणासुदीचे दिवस जवळ आले की निगडी-प्राधिकरणातील किराणा दुकानांत तुपाच्या बरण्या मागच्या फळीवरून पुढे येतात. गायीचे, म्हशीचे, 'ए-टू', 'बिलोना' असे नाना प्रकार एकाच ओळीत मांडलेले असतात आणि त्यांच्या दरांत दुपटी-तिपटीचे अंतर असते. याच निगडीहून चाकणमार्गे पुणे-नाशिक रस्त्याला लागले, की राजगुरुनगरच्या पुढे मंचरचा परिसर लागतो. तेथील दूध उत्पादक गेल्या काही वर्षांत दुधाला दर नाही म्हणून वारंवार रस्त्यावर आला आहे. तूप महाग आणि दूध स्वस्त, हे एकाच वेळी कसे घडते? याचे उत्तर तुपात कमी आणि दुधाच्या भुकटीत अधिक आहे.

अलीकडच्या काळात तुपाच्या किमतीत ग्राहकाला जाणवलेला सर्वांत स्पष्ट बदल कराचा होता. लोणी आणि तूप यांवरील वस्तू व सेवा कर २२ सप्टेंबर २०२५ पासून १२ टक्क्यांवरून ५ टक्क्यांवर आला. त्या वेळी 'अमूल'ने एक लिटर तुपाची छापील किंमत ४० रुपयांनी उतरवून ६१० रुपये केली, तर शंभर ग्रॅम लोण्याची वडी ६२ रुपयांऐवजी ५८ रुपयांना मिळू लागली. पुढील हिशेबासाठी हेच आकडे धरू.

एका बरणीमागे पंचवीस लिटर

महाराष्ट्रात गायीच्या दुधाचा दर ३.५ फॅट आणि ८.५ एसएनएफ या गुणप्रतीला धरून ठरतो. फॅट म्हणजे दुधातील स्निग्धांश. एसएनएफ म्हणजे तो वगळून उरणारे प्रथिने, दुग्धशर्करा, क्षार आदी घनपदार्थ. या प्रतीच्या एक लिटर दुधात सुमारे ३६ ग्रॅम स्निग्धांश असतो. एक लिटर तुपाचे वजन सुमारे ९१० ग्रॅम भरते आणि ते जवळजवळ सर्व स्निग्धांशच असते. म्हणजे एका बरणीसाठी गायीचे २५ लिटर दूध हवे. म्हशीच्या ६ फॅटच्या दुधाचे १५ लिटर पुरतात.

शेतकऱ्याला लिटरमागे ३० रुपये दिले, तर गायीच्या २५ लिटर दुधाचे ७५० रुपये होतात. बरणी मात्र विकली गेली ६१० रुपयांना, आणि त्यात कर, वेष्टन, वाहतूक व दुकानदाराचे कमिशन आलेच. केवळ तूप विकून दुधाची किंमतही सुटत नाही. मग डेअरी तूप बनवते कशाला? कारण मलई काढून घेतल्यावर उरलेल्या दुधापासून सव्वादोन किलोच्या आसपास स्किम्ड मिल्क पावडर, म्हणजेच दुधाची भुकटी तयार होते. बिस्किटे, आइस्क्रीम, मिठाई यांचे कारखाने आणि उन्हाळ्यात दूध कमी पडणाऱ्या डेअऱ्या हे या भुकटीचे मोठे गिऱ्हाईक. तूप आणि भुकटी मिळून दुधाची किंमत वसूल होते. भुकटीचा दर किलोमागे १०० रुपयांनी पडला, तर २५ लिटरमागे सव्वादोनशे रुपयांची, म्हणजे लिटरमागे ९ रुपयांची तूट येते.

हे घडले आहे. २०२३च्या सुरुवातीला किलोला ३०० रुपयांच्या पुढे असलेली भुकटी २०२४च्या मध्यापर्यंत २०० रुपयांच्या आसपास आली. ठोक बाजारात लोणीही उतरले. याच अवधीत राज्यातील गायीच्या दुधाचा खरेदी दर ३५ रुपयांच्या वरून २६-२७ रुपयांपर्यंत घसरला. दुकानातील बरणीची छापील किंमत मात्र त्या प्रमाणात खाली आली नाही. राज्य सरकारला लिटरमागे पाच रुपये अनुदान द्यावे लागले आणि ऑक्टोबर २०२४ पासून ते सात रुपये झाले.

याचा फटका महाराष्ट्राला अधिक बसतो, कारण येथे संकरित गायींच्या दुधाचे प्रमाण मोठे आहे. त्यातही संकलनाचा मोठा वाटा खासगी डेअऱ्यांकडे आहे. पिशवीतून विकले न जाणारे दूध भुकटी आणि लोण्याकडे वळते, त्यामुळे त्या दोहोंचा ठोक दर पडताच त्याची झळ संकलन केंद्रापर्यंत पोहोचते. जुलै २०१८च्या दूध आंदोलनामागेही भुकटीचे साठे हेच कारण होते. एप्रिल २०२०मध्ये टाळेबंदीत हॉटेले आणि मिठाईची दुकाने बंद पडली, तेव्हा सरकारने दररोज दहा लाख लिटर अतिरिक्त दूध खरेदी करून त्याची भुकटी करण्याचा निर्णय घेतला होता.

या दोन टोकांच्या मध्ये एकदा उलटेही झाले. टाळेबंदीच्या काळात दर पडल्याने पशुपालकांनी जनावरांवरचा खर्च आखडता घेतला. त्यातच २०२२मध्ये लम्पी त्वचारोगाची साथ आली. परिणामी २०२२च्या अखेरीस देशाच्या अनेक शहरांत लोण्याच्या वड्या दुकानांतून दिसेनाशा झाल्या. एप्रिल २०२३मध्ये केंद्राच्या पशुसंवर्धन व दुग्धविकास खात्याने लोणी-तुपाच्या आयातीची शक्यता बोलून दाखवली. शरद पवार यांनी तत्कालीन मंत्री पुरुषोत्तम रूपाला यांना पत्र लिहून त्याला विरोध केला आणि पुढे ती चर्चा मागे पडली. दुग्धोत्पादनात १९९८पासून जगात पहिल्या असलेल्या देशाला लोण्यासाठी बाहेर पाहावे लागेल, ही कल्पनाच अनेकांना धक्कादायक वाटली होती.

साय गेली कुठे?

'पूर्वी दुधावर जाड साय यायची,' ही घरोघरची तक्रार. तिचे उत्तर पिशवीवर छापलेले असते. टोन्ड दुधात ३ टक्के, डबल टोन्डमध्ये दीड टक्का आणि फुल क्रीम दुधात ६ टक्के फॅट असते. शहराने टोन्ड दूध स्वीकारले आणि काढून घेतलेला स्निग्धांश वडी होऊन किंवा बरणीत बसून निराळ्या दराने परत आला. त्यातच होमोजिनाइज केलेल्या दुधातील स्निग्धांशाचे कण इतके बारीक केलेले असतात, की साय धरतच नाही. आठवडाभर साय साठवून, विरजण लावून, लोणी काढून ते कढवायचे आणि तळाशी उरलेली बेरी मुलांनी साखर घालून खायची, हा क्रम त्यामुळे मोडला. घरी होणाऱ्या तुपाची नोंद कोणत्याच बाजारात होत नव्हती. ते करणे थांबल्यावर तेवढी मागणी दुकानात आली. तुपाचा बाजार वाढला असे म्हणताना त्यातील काही भाग केवळ घरातून बाजारात आलेला आहे, हे लक्षात ठेवले पाहिजे.

हा व्यापार ऋतूंवर चालतो. हिवाळ्यात दूध भरपूर, उन्हाळ्यात कमी. हिवाळ्यातील जादा स्निग्धांशाचे पांढरे किंवा पिवळे लोणी मोठ्या ठोकळ्यांच्या रूपात शीतगृहांत ठेवले जाते. उन्हाळ्यात त्यातून तूप कढवतात, किंवा भुकटीत मिसळून पुन्हा दूध सिद्ध करतात. श्रावणापासून दिवाळीपर्यंतची मागणी बरीचशी या साठ्यावर भागते. साठा कमी असेल तर दर तेथेच चढतात.

पोलसन ते अमूल, आणि डालडा

मुंबईत विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात लोणी म्हणजे 'पोलसन' असे समीकरण होते. त्या कंपनीच्या मक्तेदारीविरुद्धच्या असंतोषातून १९४६मध्ये खेडा जिल्ह्याचा सहकारी दूध संघ उभा राहिला आणि त्यातून पुढे 'अमूल' आले. सुरुवातीला अमूलचे ताज्या मलईचे लोणी ग्राहकांना बेचव वाटले, कारण जिभेला पोलसनच्या आंबवलेल्या मलईची आणि मिठाची सवय होती. व्हर्गीस कुरियन यांना तो वास आणि खारटपणा आपल्या लोण्यात आणावा लागला. म्हशीचे लोणी मुळात पांढरे. वडीचा पिवळा रंग घातलेला असतो. आपण ज्याला अस्सल चव मानतो, ती अशी ठरत गेली.

तुपाच्या बाबतीत वेगळेच घडले. १९३७मध्ये 'डालडा' आला आणि पाहता पाहता नुसते 'तूप' म्हटले, की ते वनस्पती की खरे, असे विचारण्याची वेळ आली. 'साजूक' या विशेषणाला एवढे महत्त्व येण्यामागे हे मोठे कारण आहे. वनस्पतीत तिळाचे तेल मिसळणे सक्तीचे करण्यात आले, ते भेसळ पकडता यावी म्हणून. बॉडुइन चाचणीत तिळाच्या तेलामुळे लालसर रंग येतो आणि तुपातील वनस्पती उघडी पडते.

आजचे भेसळ करणारे इतके भोळे नाहीत. म्हणून प्रयोगशाळेत तुपाचे रायशर्ट मूल्य पाहतात, तसेच बीटा-सिटोस्टेरॉल या वनस्पतिजन्य घटकाचा शोध घेतात. मात्र एकाच आकड्यावर निर्णय देणे धोक्याचे असते. सरकी खाणाऱ्या जनावरांच्या शुद्ध तुपाचे रायशर्ट मूल्यही कमी येते. त्यामुळे ॲगमार्कने कापूसपट्ट्यासाठी निराळे निकष ठेवले होते. सप्टेंबर २०२४मध्ये तिरुपतीच्या लाडवांतील तुपावरून वाद पेटला, तेव्हा प्रयोगशाळेच्या अहवालाचा अर्थ काय, हाच वादाचा मुद्दा झाला. त्याच्या तपासासाठी सर्वोच्च न्यायालयाने ४ ऑक्टोबर २०२४ रोजी स्वतंत्र पथक नेमले.

बरणीवरील शब्द

मराठी घरात पूर्वी म्हशीच्या पांढऱ्या, रवाळ तुपाला मान होता. आता ओढा गायीच्या पिवळ्या तुपाकडे आहे. मंचरच्या पराग मिल्क फूड्सचे 'गोवर्धन' तूप याच मागणीवर देशभर पोहोचले. त्याच्याही पुढची पायरी म्हणजे 'ए-टू'. हे नाव दुधातील बीटा-केसिन या प्रथिनाच्या एका प्रकारावरून आले आहे. तूप म्हणजे किमान ९९.५ टक्के स्निग्धांश. प्रथिने कढवताना बेरीत जातात. मग तुपाला 'ए-टू' म्हणण्यात कितपत अर्थ? अन्न सुरक्षा व मानके प्राधिकरणाने २१ ऑगस्ट २०२४ रोजी असे दावे काढून टाकण्यास सांगितले आणि २६ ऑगस्टला तो आदेश मागे घेतला. बरण्यांवर शब्द राहिले, आणि त्यांचा दरही.

खरेदी करताना दोन गोष्टी तपासाव्यात. तूप कुठे लिटरवर, तर कुठे किलोवर विकले जाते. लिटरची बरणी किलोपेक्षा ९० ग्रॅमने कमी भरते. दुसरे म्हणजे, वडीच्या लोण्यात स्निग्धांश ८० टक्के असतो. बाकी मुख्यतः पाणी आणि मीठ. ५८ रुपयांच्या वडीतील स्निग्धांश किलोला ७२५ रुपयांना पडतो, तर ६१० रुपये लिटरच्या तुपातील ६७० रुपयांना. चैनीची वस्तू म्हणून ओळखले जाणारे तूप लहान वडीपेक्षा स्वस्त पडते. आणि 'फॅट स्प्रेड' असे बारीक अक्षरांत लिहिलेला डबा हा लोणी नव्हे. पावभाजीच्या तव्यावर काय पडते, हे ज्याचे त्याने पाहावे.

देशाबाहेरून येणाऱ्या लोण्यावर ४० टक्के आयात शुल्क आहे. २०१९मध्ये 'आरसेप' करारातून भारत बाहेर पडला, त्यामागे न्यूझीलंडच्या दुग्धपदार्थांची धास्ती हेही एक कारण होते. जुलै २०२५मध्ये ब्रिटनशी झालेल्या व्यापार करारातूनही दुग्धपदार्थ वगळण्यात आले. त्यामुळे लोणी-तुपाचा दर आजही प्रामुख्याने देशातच ठरतो. मंचरच्या गोठ्यात दुधाला काय मिळेल हे पाहायचे असेल, तर तुपाच्या बरणीवरील किमतीपेक्षा भुकटीचा ठोक भाव आणि शीतगृहांतील लोण्याचा साठा पाहावा लागतो. हे दोन्ही आकडे व्यापाऱ्याला रोज कळतात; संकलन केंद्रावर रांगेत उभ्या असलेल्या उत्पादकाला ते कळतात दर उतरल्यावर.